पहिला चित्रपट शूट झाला, पुढचं काम हातात नाही: झाडीपट्टीचा मोसम धरायचा की मुंबई?

धानाची_बांधी

नमस्कार मंडळी. प्रश्न माझ्या धाकट्या बहिणीसाठी आहे. वय २२, गाव ब्रह्मपुरी तालुक्यात, बी.ए. झालेलं. वडशाच्या एका झाडीपट्टी नाटक कंपनीत (पूर्व विदर्भात गावोगाव रात्रभराची नाटकं करणाऱ्या) दोन मोसम काम, दोन्ही वेळा दुसरी नायिका. यंदा मार्च-एप्रिलमध्ये एका छोट्या स्वतंत्र चित्रपटात मुख्य भूमिका मिळाली: २६ दिवसांचं शूटिंग, सिंक साउंड (संवाद शूटिंगच्या वेळीच रेकॉर्ड), संवाद सगळे झाडीबोलीत. चित्रपट सध्या एडिटवर आहे.

आता सगळं एकदमच अंगावर आलं. दिग्दर्शक म्हणतात फोटो नाही, क्लिप नाही, कुठंच काही टाकायचं नाही. मग काम दाखवायचं कसं? कंपनीचे मालक तान्ह्या पोळ्याच्या आत मोसमाचा होकार मागून राहिले. मुंबईच्या एका कास्टिंग ऑफिसनं हिंदी वेब सिरीजसाठी सेल्फ-टेप (घरीच काढलेला ऑडिशनचा व्हिडिओ) मागितली आहे. याआधी पाठवलेल्या दोन टेपांचं उत्तरच आलं नाही. त्यात आणखी एका चित्रपटाचा अकरा पानांचा इंग्रजी करार आला, दोन दिवसांत सही करा म्हणतात. मानधन थोडं आता, बाकी ‘नफ्यातून’. घरचे म्हणतात मुंबईलाच खोली घेऊन टाका. यातलं आधी काय करायचं, नंतर काय?

कातरकाम

भाऊ, दिग्दर्शकाचं म्हणणं बरोबर आहे, पण त्याचा अर्थ ‘काहीच दाखवायचं नाही’ असा होत नाही.

असे चित्रपट आधी महोत्सवांना पाठवतात: बर्लिन फेब्रुवारीत, कान मे महिन्यात, व्हेनिस ऑगस्टअखेर ते सप्टेंबर, टोरांटो सप्टेंबरमध्ये. अशा मोठ्या महोत्सवांना शक्यतो आधी कुठे जाहीर न दाखवलेला चित्रपट हवा असतो. एका फोटोनं ही अट मोडत नाही. मोडते ती अख्खा चित्रपट किंवा त्याचा मोठा तुकडा बाहेर आला तर. फोटो बंद ठेवण्याची कारणं वेगळी. एक, छोट्या चित्रपटाकडे वर्तमानपत्रांना द्यायला ‘पहिली झलक’ एवढंच भांडवल असतं. दोन, रंगकाम न झालेली फ्रेम फिकट, राखाडी दिसते. ती पाहून माणूस समजतो की चित्रपटच असा आहे.

म्हणून मागणी नेमकी करा. दिग्दर्शकांना मेल टाका (फोनवर नको): ३० ते ४० सेकंदांचे दोन तुकडे हवेत, फक्त कास्टिंगच्या लोकांना दाखवायला. पासवर्डवाली लिंक, चित्रावर आडवा वॉटरमार्क, पहिला महोत्सव होईपर्यंत कुठेही जाहीर टाकणार नाही असं तिच्याकडून लेखी. दोनपैकी एक तुकडा बोलण्याचा आणि दुसरा ऐकण्याचा मागा. बोलता सगळ्यांनाच येतं. समोरचा बोलत असताना चेहऱ्यावर काय चालतं, ते पाहून कास्टिंगवाला ठरवतो. दिग्दर्शक तुकडे द्यायला तयार नसतील तर निदान ‘कुणी विचारलं तर माझा नंबर द्या’ एवढं तरी घ्या. दिग्दर्शकानं फोनवर सांगितलेली दोन वाक्यं पुष्कळदा अशा तुकड्यांपेक्षा जास्त काम करतात.

शूटिंग आणि प्रदर्शन यांच्यातलं अंतर किती असतं ते आत्ताच डोक्यात घ्या. चंद्रपूर जिल्ह्यातल्या गावात घडणारा ‘स्थळ’ टोरांटोला दाखवला गेला सप्टेंबर २०२३ मध्ये, आपल्याकडच्या थिएटरात आला ७ मार्च २०२५ ला. दीड वर्ष. आणि शूटिंग त्याच्याही आधीचं. कधी पुरस्कारही प्रदर्शनाआधीच येतो: ‘सैराट’साठी रिंकू राजगुरूच्या नावाचा राष्ट्रीय पुरस्कारात विशेष उल्लेख जाहीर झाला मार्च २०१६ मध्ये, चित्रपट लागला २९ एप्रिलला. म्हणजे तुमच्या बहिणीकडे आजपासून निदान वर्षभर असं आहे की काम झालेलं आहे पण कुणाला ठाऊक नाही. या वर्षात काय केलं त्यावर दुसरी भूमिका ठरते.

आत्ता, याच आठवड्यात, तीन गोष्टी:

केस कापू नका, रंगवू नका, भुवया कोरू नका. एडिटमध्ये भोक सापडलं की पॅचवर्कला (राहिलेला तुकडा शूट करायला) बोलावतात, अर्ध्या दिवसाचं का होईना. मार्चमध्ये तिच्या भुवया जशा होत्या तशाच लागतील. कुणाच्या लग्नात हातावर मेंदी काढली तर ती उतरायला दहा-पंधरा दिवस जातात, आणि हाताचा एक क्लोजअप घ्यायचा असेल तर तेवढे दिवस युनिट थांबत नाही. ‘पॅचवर्क संपलं’ असं दिग्दर्शकाकडून मेलवर आलं की मोकळीक.

नावाचं रोमन स्पेलिंग एकदाच ठरवा. आधार, पॅन, पासपोर्ट, श्रेयनामावली, आयएमडीबी (चित्रपट आणि कलाकारांची माहिती देणारी वेबसाइट), सगळीकडे एकच. आयएमडीबीवर त्याच नावाची दुसरी कुणी असेल तर मधलं नाव जोडा. चित्रपटाच्या शेवटच्या पाट्या बनण्याआधी हे दिग्दर्शकाला कळवा; नंतर पाटी बदलायची म्हणजे शेवटचं रीळ पुन्हा काढणं, आणि तेवढ्यासाठी ते कुणी काढत नाही.

पासपोर्ट काढा. ३६ पानांचा साधा १५०० रुपयांत होतो. चित्रपट परदेशी महोत्सवात निवडला गेल्याचं कळायला आणि निघायला मध्ये कधी पाच-सहा आठवडेच असतात. त्यात पोलीस पडताळणी आणि व्हिसा दोन्ही बसत नाही. एक सांगून ठेवतो: महोत्सव साधारण दिग्दर्शकाचा खर्च करतो, नटीचा करेलच असं नाही.

तिसरी_घंटा

मोसमाबद्दल. सोडू नका, पण अख्खा विकूही नका.

दिवाळी झाली की मंडया (गावजत्रा), शंकरपट (बैलांच्या शर्यती) सुरू होतात आणि त्यांच्याबरोबर नाटकं, ती होळीच्या आसपासपर्यंत. गोव्याचा चित्रपट महोत्सव इफ्फी साधारण २० ते २८ नोव्हेंबर, पुण्याचा पिफ बहुधा जानेवारीत. दोन्ही भर मोसमात. तिचा चित्रपट यातल्या एकात लागला आणि त्याच रात्री लाखांदूरकडे प्रयोग असला तर? गावच्या मंडळानं प्रयोग घेतलेला असतो तो पोस्टरवरच्या नावांवर. नाव छापलं आणि बाई आलीच नाही तर गेटवर बोंब होते, मंडळ कंपनीचे पैसे कापतं, आणि कंपनी ते तिच्या नाईटमधून (एका प्रयोगाच्या मानधनातून) कापते. इथपर्यंत कंपनीची चूक नाही.

म्हणून मालकाशी बोलताना असं बोला: मोसमाचा ठोक व्यवहार नको, नाईटप्रमाणे. बंद तारखांची यादी आत्ताच द्या (इफ्फीचे नऊ दिवस, जानेवारीत सात-आठ, आणखी पाच ‘कधीही’). ‘कधीही’वाल्या तारखेसाठी किमान आठ दिवस आधी कळवायचं, म्हणजे पोस्टर बदलता येतं. आणि बदली नायिका पहिल्या तालमीपासून सोबत बसलेली हवी, ऐनवेळी उभी केलेली नको. मालकाला ही शेवटची अट पटते, कारण त्यात त्याचाच फायदा आहे. उचल घेतली असेल तर किती नाईट झाल्यावर ती फिटली हे वहीत लिहून त्याखाली दोघांची सही. उचल अंगावर असताना ‘मला ऑडिशनला जायचं आहे’ म्हणण्यात जोर राहत नाही.

आता अभिनयाचं. रात्री दहाला पडदा वर जातो, पहाटे चार-पाचला खाली येतो. मागच्या रांगेतल्या बाप्पालाही ऐकू जावं म्हणून जो आवाज लावायची सवय लागते, ती कॅमेऱ्यासमोर लगेच ओळखू येते. पण लोक समजतात तसा दोष फक्त आवाजाचा नसतो. मला दिसतात ते असे:

वाक्य वरच्या पट्टीत सुरू करणं. स्टेजवर पहिला शब्द पोचला नाही तर वाक्य गेलं, म्हणून पहिल्या शब्दावर भार. कॅमेऱ्यात माणसं वाक्य अर्ध्यातून, विचार करत सुरू करतात.

टाळीची जागा सोडणं. समोरच्याचं वाक्य संपल्यावर क्षणभर थांबायची सवय. सिंक साउंडच्या दृश्यात तिथं भलतीच पोकळी पडते.

आणि माइककडे सरकणं. आपल्याकडे स्टेजवर वरून माइक लोंबतात. मोठा संवाद आला की पाय आपोआप त्यांच्याखाली जातात. सेटवर बूम (काठीला लावलेला माइक) दिसला की तेच पाय तसेच सरकतात, आणि फोकस जातो. फोकसवाल्यानं टेपनं मोजून ठेवलेलं अंतर असतं, त्यात वीतभर चूकही खपत नाही.

उपाय घरच्या घरी होतो. मोबाइल समोर टेकवून ठेवा. एकच उतारा तीन अंतरांवरून म्हणा: ३० फुटांवरच्या माणसाला, ६ फुटांवरच्या माणसाला, आणि खाटेवर शेजारी बसलेल्या माणसाला. आवाज कमी करणं हा उद्देश नाही. समोरचा माणूस खरंच तितक्या जवळ आहे असं धरलं की आवाज आपोआप उतरतो, भुवया आपोआप थांबतात. नुसता आवाज दाबला तर कुजबुज होते आणि चेहरा मात्र ३० फुटांचाच राहतो. नंतर तिसरी टेप आवाज बंद करून पाहा. काय चाललं आहे ते आवाजाशिवाय कळलं पाहिजे, आणि प्रत्येक शब्दाला हात हलत असेल तर तोही दिसेल.

प्रयोगाच्या दुसऱ्या दिवशी टेप करू नका. घसा बसलेला असतो, डोळ्यांखाली सूज असते, आणि डोळ्यांतलं काजळ कितीही पुसलं तरी कडेला राहतंच. मध्ये एक पूर्ण रात्र झोप गेली पाहिजे.

वऱ्हाडी_ठेचा

मी तर म्हणतो बायोडेटात झाडीपट्टी लिहूच नका. मुंबईचे लोक ‘नाटकी’ म्हणून शिक्का मारतात आणि टेप उघडतही नाहीत. मोसमही सोडा, चार महिने कॅमेऱ्याचा सराव करा.

तिसरी_घंटा

ठेचाभाऊ, शिक्का बसतो हे खरं. पण लपवलं तर दोन वर्षं रिकामी दिसतात, ते त्याहून वाईट. लिहायचं ते नेमकं लिहा: ‘झाडीपट्टी रंगभूमी, दोन मोसम, इतके प्रयोग, दुसरी नायिका.’ प्रयोगांचा आकडा मोठा असतो, आणि सलग रात्री उभं राहणारी बाई २६ दिवसांच्या शूटिंगमध्ये कोलमडणार नाही हे त्यातून कळतं. झाडीपट्टीचे नट परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाल्यापासून झाडीपट्टी हे नाव अगदीच अनोळखी राहिलेलं नाही. फक्त क्रम पाळा. आधी टेप, त्याखाली बायोडेटा. चार महिने घरी बसून सराव करणारे मी पुष्कळ पाहतो. सराव दोन आठवड्यांत बंद पडतो, आणि नाईटही गेलेली असते.

अर्धा_उजेड

टेपांचं उत्तर का आलं नाही हे टेप न पाहता सांगता येत नाही, पण आपल्याकडून जाणाऱ्या दहातल्या आठ टेपा अभिनयावर नाही, आवाजावर पडतात. पंखा, कूलर, टिनाच्या छतावरचा पाऊस, बाहेर थ्रेशर. पाहणारा पहिल्या दहा सेकंदांत बंद करतो.

खोली निवडताना मोठी, रिकामी, सिमेंटची नको, तिथं आवाज घुमतो. ज्या खोलीत गाद्या, गोधड्या, कपड्यांची दोरी आहे ती चांगली. मोबाइलच्या दोन्ही बाजूंना, खिडकी न झाकता, फ्रेममध्ये येणार नाही अशा जागी, खाटा उभ्या करून त्यावर गोधड्या टाका. पंखा-कूलर बंद. फ्रिज त्याच खोलीत असेल तर तेवढा वेळ प्लग काढा (आणि परत लावायचं आठवणीत ठेवा, नाहीतर घरात वेगळंच नाटक होतं). तारेचा साधा कॉलर माइक पुरतो. ओढणीच्या आत लावू नका, कापड घासल्याचा खरखराट येतो. छातीच्या मधोमध, बाहेरून, हनुवटीपासून वीतभर खाली. मंगळसूत्र, गळ्यातली माळ काढा.

उजेडासाठी सकाळी साडेसात ते नऊ, खिडकीसमोर. खिडकी मोबाइलच्या मागे आणि तिच्या तोंडासमोर, किंचित एका बाजूला. ऊन थेट तोंडावर नको. येत असेल तर खिडकीवर पांढरं धोतर किंवा पातळ चादर. चेहऱ्याची दुसरी बाजू फार काळी पडत असेल तर त्या बाजूला दोन-तीन फुटांवर थर्माकोलचा पांढरा पत्रा उभा करा. खिडकीचा उजेड घेतला की घरातले बल्ब बंद. दोन्ही मिसळले तर अर्धा चेहरा निळसर, अर्धा पिवळा होतो. रात्री नाइलाजानं दिव्यावर करायचं असेल तर चित्रात पट्टे फिरताना दिसतील. आपली वीज ५० हर्ट्झची, म्हणून मोबाइलच्या प्रो मोडमध्ये २५ फ्रेम आणि शटर १/५० ठेवा, पट्टे जातात.

मागे साधी भिंत किंवा एकरंगी राखाडी-निळसर चादर, इस्त्री केलेली. तिनं भिंतीपासून तीन-चार फूट पुढे बसायचं, नाहीतर सावली पडते. मोबाइल आडवा, मागचा कॅमेरा, १०८०पी, डोळ्यांच्या उंचीवर. स्टँड नसेल तर स्टुलावर धान्याची पायली आणि तिला टेकवून मोबाइल चालतो, पण हातात धरून नको. चौकट छातीपासून डोक्यावर चार बोटं जागा राहील इतकी.

समोरचे संवाद वाचणारा माणूस मोबाइलला अगदी चिकटून बसला पाहिजे, लेन्सच्या कानाशी. लांब बसला तर तिची नजर फ्रेमच्या बाहेर जाते आणि डोळे दिसत नाहीत. तिनं लेन्समध्ये पाहायचं नाही, कास्टिंगवाल्यानं तसं मागितलं नसेल तर. वाचणाऱ्यानं हळू आणि सपाट वाचायचं. माइक तिला लावलेला असतो आणि भाऊच जास्त नाटक करतो, हे फार वेळा होतं.

सुरुवातीला ओळख वेगळ्या फाइलमध्ये: नाव, वय, उंची, राहण्याचं ठिकाण, येणाऱ्या भाषा, मोकळ्या तारखा. मग डावी बाजू, उजवी बाजू, दोन्ही हात पुढून-मागून, आणि एक पूर्ण उभा शॉट. दृश्याचे दोन टेक पाठवा, पाच नाही, आणि दोन्ही खरोखर वेगळे हवेत. दुसरा टेक म्हणजे पहिलाच जरा मोठ्यानं, असं नको.

व्हॉट्सअ‍ॅपवर व्हिडिओ म्हणून पाठवला की चित्र चिरडलं जातं. डॉक्युमेंट म्हणून पाठवा, किंवा ड्राइव्हची लिंक द्या आणि परवानगी ‘लिंक असलेला कोणीही’ अशी ठेवा. ‘परवानगी मागा’ असा पडदा दिसला तर कुणी मागत बसत नाही. तुमच्या दोन टेपांचं काय झालं असेल ते आधी इथंच तपासा: दुसऱ्याच्या मोबाइलवर, लॉग-इन न करता, ती लिंक उघडून पाहा. फाइलचं नाव ‘व्हिडिओ ००२३’ नको; तिचं नाव, भूमिकेचं नाव, टेक क्रमांक.

कलम_सात

करारावर सही दोन दिवसांत करायची नाही. घाई हेच त्यातलं पहिलं वाईट कलम समजा. ‘वाचून पाच दिवसांत कळवते’ असा मेल टाका. एवढ्यानं भूमिका जात नाही. जात असेल तर ती जाऊ द्यायच्याच लायकीची होती.

अकरा पानांत बघायचं ते सांगतो.

‘नफा’ या शब्दाची व्याख्या शोधा. बहुतेक करारांत नफा म्हणजे निर्मिती, व्याज, प्रसिद्धी, वितरकाचं कमिशन, महोत्सवांचा खर्च, सगळं वजा जाता उरलेलं. छोट्या चित्रपटात ते उरत नाही. म्हणून ‘नफ्यातला वाटा’ हा शून्य धरून विचार करा, आणि जी रक्कम ठरलेली आहे तेवढ्यावर २० किंवा ३० दिवस द्यायचे का ते ठरवा. पटत असेल तर हप्ते असे मागा: सहीला ३० टक्के, शूटिंगच्या पहिल्या दिवसाआधी ३०, अर्धं शूटिंग झाल्यावर २०, आणि शेवटचे २० डबिंगच्या आधी. ‘डबिंगनंतर’ किंवा ‘प्रदर्शनाच्या वेळी’ लिहिलं असेल तर ते खोडून घ्या. डबिंग होईपर्यंत त्यांना तिची गरज असते, नंतर नसते. सिंक साउंड असेल तर डबिंग फारसं नसतंच. मग शेवटचा हप्ता शेवटच्या शूटिंग-दिवसाच्या सकाळी.

दिवस आणि तास. ‘गरजेप्रमाणे’ हा शब्द आला की तिथं आकडा लिहून घ्या. १२ तासांची शिफ्ट, ती मुक्कामावरून निघाल्यापासून मोजायची की सेटवर पोचल्यापासून हेही लिहा; गावाकडच्या शूटिंगमध्ये जाण्या-येण्यात दोन तास सहज जातात. दोन शिफ्टमध्ये किमान दहा तासांचं अंतर. ठरलेल्या दिवसांपेक्षा जास्त लागले तर दिवसाचा दर. पॅचवर्कचे किती दिवस फुकट (दोन ठीक आहेत).

राहणं: स्वतंत्र किंवा फक्त बायकांची खोली, आतून कडी, स्वच्छ संडास. हे करारात लिहायला लाजू नका. शेतात शूटिंग असेल तर कपडे बदलायला बंद गाडी किंवा राहुटी हवी, ‘समोरच्या घरी विचारू’ असं नको.

पुढच्या चित्रपटांवरचा हक्क. ‘पुढील तीन चित्रपटांसाठी निर्मात्याला प्रथम पसंती’ किंवा ‘प्रदर्शनापर्यंत इतर काम निर्मात्याच्या परवानगीनं’ अशी वाक्यं नवख्या नटीच्या करारात हळूच येतात. प्रदर्शनाला दीड वर्ष लागू शकतं हे वर कातरकाम यांनी सांगितलंच आहे. ती दोन्ही वाक्यं काढून टाका. त्याऐवजी फक्त शूटिंगच्या ठरलेल्या तारखा त्यांच्यासाठी राखीव.

जवळिकीची दृश्यं: कथानकात असतील तर करारासोबत त्या दृश्यांची पानं जोडून, काय दिसेल आणि काय नाही ते लिहून. ‘दिग्दर्शकाच्या दृष्टीप्रमाणे’ एवढ्यावर सही नको. सेटवर ऐनवेळी बदल सुचवला तर नाही म्हणायचा हक्क, आणि त्यासाठी मानधन कापायचं नाही.

नवीन कलम येतं आहे ते चेहरा आणि आवाजाच्या डिजिटल प्रतिकृतीचं. ‘सर्व माध्यमांत, आज अस्तित्वात असलेल्या व पुढे येणाऱ्या’ या वाक्यात ते बसून जातं. स्पष्ट लिहून घ्या: याच चित्रपटापुरतं, प्रतिकृती बनवायची तर वेगळी लेखी परवानगी.

पॅन नसेल तर आधी काढा. मानधनातून साधारण १० टक्के टीडीएस कापतात, पॅन नसेल तर २० टक्के. कापलेली रक्कम प्राप्तिकराच्या पोर्टलवर तिच्या नावे दिसते की नाही ते पाहायचं. कापली पण भरलीच नाही असंही घडतं. तिचं उत्पन्न करपात्र नसेल तर विवरणपत्र भरून ते पैसे परत मिळतात. पुष्कळ जणी भरतच नाहीत.

करार मराठीत समजावून देणारा वकील ब्रह्मपुरीच्या न्यायालयाच्या आवारातही मिळेल. चित्रपटाचा जाणकार नसला तरी चालेल, ‘हे वाक्य आहे म्हणजे मला काय करता येणार नाही?’ एवढंच विचारायचं. दोघांच्या सहीची प्रत हातात आल्याशिवाय तारखा देऊ नका.

आणि एक, करारात नसलं तरी ठाऊक हवं. कामाच्या ठिकाणी लैंगिक त्रास झाला तर दहा किंवा अधिक माणसांच्या युनिटमध्ये अंतर्गत समिती असणं कायद्यानं बंधनकारक आहे. दहापेक्षा कमी असतील किंवा तक्रार मालकाविरुद्धच असेल तर जिल्ह्याची स्थानिक समिती आहे. मुदत घटनेपासून तीन महिने. नाटक कंपनीलाही हे लागू होतं. पहिल्या दिवशी ‘समितीत कोण आहे?’ हे विचारलं की निर्मात्याची तयारी कळते.

धानाची_बांधी

लिंक उघडून पाहिली. ‘परवानगी मागा’ असंच येते. दोन्ही टेपांचं. काय बोलावं.

वकिलाकडे उद्या जातो. दोन शंका राहिल्या. मुंबईच्या खोलीचं काय? आणि हिंदी बोलताना तिचा झाडीचा सूर येते, तो घालवायचा का?

कातरकाम

खोली आत्ता नको. पहिली फेरी टेपवरच होते, मुंबईला जायचं ते दुसऱ्या बोलावण्याला. वडशाहून गोंदिया, तिथून विदर्भ एक्स्प्रेसनं रात्रभरात मुंबई. ऑडिशनची ऑफिसं बहुतेक अंधेरी पश्चिमेला, आरामनगर-वर्सोव्याकडे. बोलावणं आलं की त्याच दोन दिवसांत आणखी दोन ऑफिसांना ‘मी मुंबईत आहे’ म्हणून टेपसकट मेल टाका, फेरी वसूल होते. महिन्यात तीनदा जावं लागायला लागलं तर खोलीचा हिशेब करा. ऑडिशनसाठी, नोंदणीसाठी, ‘आर्टिस्ट कार्ड’साठी कुणी पैसे मागितले तर ते ऑडिशन नाही. तीस-चाळीस हजारांचा पोर्टफोलिओ काढून आणा म्हणणाराही त्यातलाच. तिचे चार साधे फोटो, मेकअप नसलेले, सकाळच्या उजेडात, त्याच खिडकीसमोर काढलेले पुरतात. पैसे गेलेच तर लगेच १९३० ला (सायबर फसवणुकीची हेल्पलाइन) फोन.

अर्धा_उजेड

सूर घालवू नका, चालू-बंद करता आला पाहिजे. झाडीत ‘डोळा’चा ‘डोरा’ होतो, वऱ्हाडीत ‘डोया’, ‘ण’चा ‘न’ दोन्हीकडे. हे तिला येतं, पण कोणतं कधी येतं ते तिला माहीत नसतं, तिथं घोटाळा. एकच दहा ओळींचा उतारा चार वेळा रेकॉर्ड करा: झाडी, वऱ्हाडी, पुस्तकी मराठी, हिंदी. हिंदीत ‘श’ आणि ‘स’ वेगळे निघतात का तेवढं आधी पाहा. ‘शाम’ची ‘साम’ झाली की शहरी भूमिका हातची जाते. रोज दहा मिनिटं वर्तमानपत्र मोठ्यानं, शब्द शब्द वेगळा काढून. त्या चार रेकॉर्डिंगची एक लिंक बायोडेटात ‘भाषा’ या शब्दाखाली टाका. गाव दाखवणाऱ्या सिरीजना खरी बोली बोलणारी बाई मुंबईत सहजी सापडत नाही.

आणि त्या लिंकची परवानगी ‘कोणीही’ ठेवा.

धानाची_बांधी

ठेवली. जुन्या दोन टेपा त्याच ऑफिसला परत पाठवू का?

अर्धा_उजेड

त्या भूमिका भरल्या असतील. नवी टेप पाठवताना एका ओळीत लिहा: ‘आधीच्या दोन लिंक उघडत नव्हत्या, आता उघडतील.’ माफीचा परिच्छेद नको.